काळबारवेची बाविसावी पायरी : एका सामायिक कथाविश्वातला पेच

हे प्रकरण आमच्या लेखकगटातलं आहे. माणसांची नावं मुद्दाम घातलेली नाहीत, आणि गावंही जरा इकडची तिकडं केली आहेत. बाकी सगळं घडलं तसंच लिहिलं आहे. वहीत नियम लिहायचं काम माझ्याकडं होतं, त्यामुळं चुकांतला मोठा वाटाही माझाच आहे.

पार्श्वभूमी

आम्ही आठ जण महिन्याच्या दुसऱ्या रविवारी छत्रपती संभाजीनगरात एका वाचनालयाच्या माडीवर जमायचो. सगळे मराठवाड्यातले. अंबाजोगाईचे निवृत्त गुरुजी, पाटबंधारे खात्यात हयात घालवलेले पैठणचे काका, नांदेडचे वकीलसाहेब, परभणीच्या डॉक्टरबाई, भौतिकशास्त्रात एमएस्सी केलेला हिंगोलीचा मुलगा, जालना आणि बीडकडचे दोघं, आणि मी. तिसऱ्या महिन्यात जालन्याचा मुलगा नोकरीसाठी बाहेर गेला आणि त्याच्या जागी औशाकडच्या ताई आल्या. हा तिसरा महिना लक्षात ठेवा, पुढं तो महत्त्वाचा ठरतो.

ठरलं होतं असं की एकच कल्पित विश्व उभं करायचं आणि प्रत्येकानं त्यात एक दीर्घकथा लिहायची. विश्व मराठवाड्याचंच, पण एका गोष्टीनं वेगळं : तिथं माणसं काळात मागं जाऊ शकतात. कशानं जातात, हा पहिला प्रश्न होता.

हिंगोलीच्या मुलाला यंत्र औंढा नागनाथजवळ हवं होतं. तिथं लायगो-इंडिया ही गुरुत्वलहरी टिपणारी वेधशाळा उभी राहते आहे, काटकोनात चार-चार किलोमीटरच्या दोन भुजा असलेली. केंद्रीय मंत्रिमंडळानं तिच्या बांधकामाला २०२३ च्या एप्रिलमध्ये मंजुरी दिली. मोह खराच मोठा होता. पण त्यानंच दोन दिवसांनी फोन करून माघार घेतली. ती वेधशाळा अवकाश-काळाची अतिसूक्ष्म थरथर मोजणार आहे, काळ वाकवणार नाही, आणि आपल्या भागात येणाऱ्या खऱ्या विज्ञानाच्या नावावर खोटी करामत खपवणं त्याला पटेना. मला त्याचा हा प्रामाणिकपणा फार आवडला.

मग काकांनी विचारलं, "आपल्याकडं खाली उतरायच्या जागा कुठल्या?" उत्तर सगळ्यांच्या तोंडी एकदमच आलं : बारव. वालूरची चक्राकार बारव, चारठाण्याची, वेरुळचं शिवालय तीर्थ. दगडी पायऱ्या, भिंतीतली देवकोष्ठं, तळाशी पाणी. पावसाळ्यात पाणी वर येतं आणि पायऱ्या एकेक करून बुडतात. उन्हाळ्यात पुन्हा उघड्या पडतात. काळाचं यंत्र आमच्या गावांत सातआठशे वर्षं आयतं पडून होतं म्हणा ना.

काळबारव कशी चालते

प्रत्येक पायरी म्हणजे एक शक वर्ष. जमिनीवर चालू साल, पहिल्या पायरीवर गेलं साल, दुसरीवर त्याआधीचं. पायऱ्या साठ, कारण संवत्सरं साठ. प्रत्येक पायरीच्या कडेला संवत्सराचं नाव कोरलेलं. वर नवं वर्ष लागलं की नावं एकेक पायरी खाली सरकतात आणि तळाचं वर्ष निसटून जातं. म्हणजे बारवेतून फार तर साठ वर्षं मागं जाता येतं, आणि दर पाडव्याला एक जुनं वर्ष कायमचं बंद होतं. १७ सप्टेंबर १९४८, मराठवाडा निजामाच्या राजवटीतून मोकळा झाला तो दिवस, बीडच्या दादांना कथेत हवा होता. या हिशोबानं त्या दिवसावर २००८ पर्यंतच उतरता येतं. त्यांनी आपली कथा निमूट २००८ मध्ये नेली, आणि "शेवटची संधी" या एका गोष्टीनंच ती कथा तापली.

उतरणारा तारखेनं नाही, तिथीनं उतरतो. बांधणारे पंचांगाचे होते, त्यांना ऑगस्ट-सप्टेंबर ठाऊक नव्हते. वैशाख वद्य पंचमीला उतरलात तर मागच्या त्या वर्षाच्या वैशाख वद्य पंचमीलाच पोचाल. जी पायरी पाण्याखाली आहे, ती बंद. म्हणून दूरचा भूतकाळ उन्हाळ्यात उघडतो, किंवा दुष्काळात. हा नियम काकांचा. त्यांनी तो सांगितला तेव्हा खोलीत कुणी काही बोललं नाही. आमच्याकडं दुष्काळानं माणसांकडून काय काय नेलं ते सगळ्यांना माहीत होतं. त्याच्यामुळं काही परत मिळू शकतं ही कल्पना नवी होती.

जुन्या शास्त्रात बारवेचे प्रकार दारांवरून सांगितलेत : एक वाट ती नंदा, दोन वाटांची भद्रा, तीन वाटांची जया, चार वाटांची विजया. आमच्या विश्वात चालू अवस्थेतल्या बारवा बहुतेक नंदा. ज्या वाटेनं उतरलात त्याच वाटेनं परत यायचं, आणि तिकडच्या काळात ती पायरी पाण्याखाली गेली तर तिकडंच अडकायचं.

राहिला सगळ्यात अवघड नियम. गेलेलं बदलता येतं का?

यावर पहिल्याच बैठकीत चर्चा झाली, आणि ती चांगली झाली असं तेव्हा वाटलं होतं. हिंगोलीच्या मुलानं फळ्यावर मांडणी केली. पुढं जाणं तर खऱ्या जगातही होतंच. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं जमिनीवरच्यापेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढं पळतात आणि ते धरूनच चालावं लागतं. मागं जाण्याबद्दल गणित पूर्ण नकार देत नाही. कुर्ट गोडेलनं १९४९ मध्ये आइन्स्टाइनच्याच समीकरणांतून असं एक फिरतं विश्व काढून दाखवलं की ज्यात वाट फिरून आपल्याच भूतकाळात येते. किप थॉर्न आणि सहकाऱ्यांनी १९८८ मध्ये कृमिविवरांतून, म्हणजे अवकाश-काळातल्या कल्पित बोगद्यांतून, तसा मार्ग निघू शकतो का ते तपासलं. त्यातून येणारी एक अट आम्हाला फार जवळची वाटली, की असं यंत्र तयार झालं त्या क्षणाच्या मागं ते कुणालाच नेऊ शकत नाही. बांधकामाआधीच्या काळात बारव तरी कुठून असणार! स्टीफन हॉकिंगनं १९९२ मध्ये उलटी अटकळ मांडली, की निसर्गाचे नियमच असली वाट बंद करतील. आणि रशियन शास्त्रज्ञ इगोर नोविकोव यांचं तत्त्व असं की मागं गेलात तरी तुम्ही जे कराल ते आधीच घडलेल्यात धरलेलं असेल. विसंगत असं काही घडणारच नाही.

आम्ही नोविकोवच्या बाजूनं गेलो. मुलाला ते तर्कशुद्ध वाटलं. पण निर्णायक बोलणं वकीलसाहेबांचं होतं. आमच्या विश्वात बारवेचा मुख्य उपयोग साक्षीसाठी होतो. बांध कुणी कोरला, विहिरीतला हिस्सा कुणाचा, १९५४-५५ च्या खासरा पत्रकाच्या, म्हणजे जमिनीच्या नोंदीच्या, वेळी कुळ कोण होतं, हे पाहायला कोर्टाचा माणूस पायऱ्या उतरतो. प्रत्येक बारवेला एक पायरीकरी असतो, पाटील-कुलकर्ण्यांसारखा वतनी. कोण उतरलं, कधी आलं, हे तो लिहून ठेवतो. वकीलसाहेब म्हणाले, "गेलेलं बदलता येत असेल तर बारवेची साक्ष कवडीमोल. भावकी एकमेकांच्या आधी उतरून बांध सरकवायलाच धावेल." सगळे हसले, आणि वहीत तिसरा नियम लिहिला गेला : घडलं ते घडलेलंच. उतरणारा त्यात असू शकतो, ते वेगळं करू शकत नाही.

दुपारच्या चहाआधी हा विषय संपला होता.

अडचण

सातव्या बैठकीत औशाच्या ताईंनी आपली कथा वाचली. फुलस्केप कागद, निळं पेन, दोन्ही बाजूंनी लिहिलेलं. नायिका २०१५ च्या अनंत चतुर्दशीला बारवेत उतरते. त्या वर्षी, लागोपाठ दुसऱ्या वर्षी, पावसानं दगा दिलेला. पुढच्या एप्रिलमध्ये लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं, ते हेच साल. म्हणून भाद्रपदातही बारव कोरडी, आणि बाविसावी पायरी उघडी. बाविसावी पायरी म्हणजे शके १९१५, श्रीमुख संवत्सर. १९९३.

पुढं काय येणार ते त्याच क्षणी सगळ्यांना कळलं.

२९ सप्टेंबर १९९३ ला गणपती बोळवून गाव झोपलं, आणि ३० तारखेच्या पहाटे, चार वाजायला काही मिनिटं असताना, किल्लारी परिसरात जमीन हलली. सुमारे ६.२ तीव्रतेचा भूकंप. लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात मिळून सुमारे दहा हजार माणसं गेली. मातीत रचलेल्या जाड दगडी भिंती, वर माळवदाचा मातीचा भार. तो भार झोपलेल्या माणसांवर आला. ताई त्या वेळी नऊ वर्षांच्या होत्या. हे आम्हाला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं.

कथेत नायिका संध्याकाळी गावात पोचते. मिरवणुकीतल्या पोराची हलगी घेते आणि पहाटे तीनपासून गल्लीगल्लीत वाजवत सुटते. गाव चिडून, शिव्या देत बाहेर येतं आणि तिच्या मागं माळावर जातं. भिंती पडतात. भिंतींखाली कुणी नसतं. शेवटच्या पानावर ताईंनी माळावर बसलेल्या माणसांची फक्त नावं लिहिली होती, दीड पान. ती त्यांनी एकेक करून वाचली.

वाचन संपलं. शांतता झाली. आणि मग हिंगोलीच्या मुलानं, अगदी हळू आवाजात, वाईट हेतू मनात नसताना म्हटलं, "ताई, पण तिसरा नियम..."

ताईंनी कागदाची घडी केली. "नियम केला तव्हा मी होते का हितं?"

कुणाकडंच उत्तर नव्हतं. मी म्हणाले, "पुढच्या बैठकीत यावर सविस्तर बोलू," आणि पुढची कथा घ्यायला सांगितली.

या प्रकरणातली माझी सगळ्यात मोठी चूक ती. दीड पान नावं वाचलेल्या बाईला मी कार्यक्रमपत्रिकेतल्या पुढच्या विषयामागं ढकललं. आठव्या बैठकीला ताई आल्या नाहीत. फोनही उचलला नाही.

पुढं आलेले पर्याय

ताई नसताना आम्ही चर्चा केली. तेही चुकलंच, पण त्यातून काय काय निघालं ते सांगते.

कथा परत करावी, असं उघडपणे कुणी म्हटलं नाही. बीडच्या दादांनी सुचवलं की ती या विश्वाच्या बाहेरची स्वतंत्र कथा म्हणून संग्रहाच्या शेवटी छापू. ऐकायला बरं वाटलं. पण त्याचा अर्थ एवढाच की आमच्या विश्वात बांधाच्या भांडणाला जागा आहे आणि किल्लारीला नाही. डॉक्टरबाईंनी हे बोलून दाखवलं आणि तो विषय तिथंच मिटला.

नियम बदलायचा का? भूतकाळ पुसता येतो असं ठरवलं तर तोवर पुऱ्या झालेल्या तीन कथा कोसळत होत्या. वकीलसाहेबांची तर सगळी कथाच साक्षीवर उभी होती. तरी ते म्हणाले, "माझी मी पुन्हा लिहीन." त्यांना ते जड गेलं असणार, पण आवाजात किंतु नव्हता. अडचण दुसरीच निघाली. एकदा बदल शक्य झाला की मग तो फक्त किल्लारीसाठीच का? बहात्तरचा दुष्काळ? पानशेत, भोपाळ? जिथं हे सगळं टाळता येतं, त्या विश्वात ते टाळलं का गेलं नाही, याचं उत्तर प्रत्येक लेखकाला द्यावं लागेल. एका गावाला वाचवून बाकी सगळ्यांना मरू देणारं विश्व आम्ही तयार करणार होतो.

तिसरी वाट फांद्यांची. ह्यू एव्हरेटनं १९५७ मध्ये पुंजभौतिकीचा (क्वांटम फिजिक्सचा) जो अर्थ लावला, तिथून ही कल्पना कथांमध्ये आली : बदल केला की जग फुटतं, एका फांदीत गाव वाचतं, मूळ फांदीत काही बदलत नाही. हिंगोलीच्या मुलाला ही सोडवणूक पसंत होती. काकांनी एकच विचारलं : "म्हणजे ती परत वर आली की हिकडं काय?" इकडं तसंच. पडलेली भिंत तशीच. "मग तिनं वाचवलं कुणाला?" यावर मुलगा बराच वेळ गप्प राहिला.

आणि चौथी, जी मला स्वतःला फार हुशारीची वाटली होती : फेरा. त्या रात्री नऊ वर्षांच्या मुलीला एक अनोळखी बाई अंगणात झोपायला नेते, म्हणून ती वाचते. मोठेपणी तीच मुलगी बारवेत उतरून ती अनोळखी बाई होते. नियम शाबूत, कथा वर्तुळात पूर्ण. मी तर लगेच त्याचा आराखडाही लिहून टाकला.

काय केलं

नवव्या बैठकीआधी गुरुजी म्हणाले, "चला, औशाला जाऊन येऊ. हे फोनवर होणारं काम नाही." आम्ही दोघं एसटीनं गेलो. ताईंनी चहा केला, आणि गुरुजी समोर असल्यामुळं असेल, राग धरला नाही. मी माझा फेऱ्याचा आराखडा वाचून दाखवला.

त्यांनी नीट ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "म्हणजे मी वाचले कारण मी मला वाचवलं. मग माझ्या आजीला का नाही नेलं त्या बाईनं बाहेर? ती तर माझ्याच बाजेवर झोपलेली होती."

मी वही बंद केली. फेऱ्याची युक्ती किती निर्दय आहे हे मला त्यांच्या एका प्रश्नानं कळलं. वाचलेल्याला ती निवडलेला ठरवते, आणि गेलेल्यांना न निवडलेले. ज्यांच्या घरात हे घडलंय ते आयुष्यभर नेमकं हेच स्वतःला विचारत आलेले असतात.

संध्याकाळी ताई आम्हाला जवळच्या एका पडीक बारवेवर घेऊन गेल्या. वरच्या पायऱ्यांवर घाणेरीची झुडपं, खाली गाळ, एका देवकोष्ठात कुणीतरी ठेवलेला शेंदूर लावलेला दगड. ताई पायऱ्या मोजत उतरल्या. बाविसाव्या पायरीवर थांबल्या आणि तिथंच टेकल्या. गुरुजी वरच्या टप्प्यावर काठी टेकून उभे, डोळे मिटून काही पुटपुटत होते. मला वाटलं स्तोत्र म्हणताहेत. ते हिशोब करत होते.

"शके एकोणीसशे पंधरा," ते म्हणाले. "ताई, त्या साली धोंड्याचा महिना होता. अधिक भाद्रपद."

ताईंनी वर पाहिलं.

"तुमची बाई भाद्रपद शुद्ध चतुर्दशीला उतरली ना? त्या साली भाद्रपद दोन. आधी अधिक, मग निज. आपली बारव तिला कुठल्या चतुर्दशीला नेणार?"

मला हे सुचणं शक्यच नव्हतं. निज भाद्रपदातली चतुर्दशी म्हणजे २९ सप्टेंबर, विसर्जनाचा दिवस. अधिक भाद्रपदातली ऑगस्टच्या अखेरीला पडते. दोन्हींत एकोणतीस दिवसांचं अंतर.

ताई बराच वेळ बोलल्या नाहीत. मग बोलल्या त्या भूकंपाबद्दल नव्हतंच. "धोंड्याचा महिना होता, व्हय. मावशीचं नवं लग्न झालतं. तिचे मालक आलते वाण घ्यायला. आजीनं अनारसे केलते. तेहतीस. मला तळताना एक पण दिला नाही, जावयाचे हायेत म्हणून." त्या हसल्या, आणि मग पदर तोंडाला लावून रडल्या. बावीस पायऱ्या खाली त्यांच्याजवळ बसून राहण्यापलीकडं मी काही केलं नाही.

परतल्यावर तांत्रिक वाद झालाच, आणि तो व्हायला हवाच होता. हिंगोलीच्या मुलाचं म्हणणं असं की मागं जाणाऱ्याला वाटेत निज महिना आधी लागतो, अधिक नंतर. तर त्यानं निज महिन्यातच थांबायला हवं. गुरुजींचं म्हणणं, पायरी म्हणजे वर्ष, आणि वर्ष पाडव्यापासून सुरू होतं. पाय वर्षाच्या आरंभी टेकतो आणि तिथून पुढं तिथी शोधत येतो. पाडव्यापासून निघालं की पहिली भाद्रपद शुद्ध चतुर्दशी अधिकातली. यावर दोघं तासभर भांडले. शेवटी मुलानंच मान्य केलं, कारण नाहीतर साठ संवत्सरांच्या पायऱ्यांना अर्थच उरत नव्हता. तो नुसता उतार झाला असता, पायऱ्या नाही. या वेळी मात्र नियम लिहिण्याआधी मी ताईंकडं पाहिलं. त्यांनी मान हलवली, तेव्हाच लिहिला.

निष्पत्ती

ताईंची नवी कथा चार महिन्यांनी आली. नायिका हलगी वाजवून गाव वाचवायला म्हणूनच उतरते, पण पोचते एक महिना आधी. तिच्याकडं एकोणतीस दिवस आहेत. ती गावाला सांगते. नियम सांगण्याला मनाई करत नाही. काही हसतात. काहींना आदल्या वर्षीचा ऑक्टोबर आठवतो, १९९२ चा, तेव्हा त्या भागात लहान धक्के बसले होते. थोडे दिवस दोन-चार बाजा अंगणात येतात. मग पाऊस येतो आणि बाजा आत जातात. तिसरा नियम कथेत कुठंही शब्दानं आलेला नाही. तो बाजा आत जाताना दिसतो, बस्स.

बाकीची सगळी कथा त्या घरातली आहे. ती आजीकडं कामाला राहते. जातं, चूल, अनारशाचं पीठ आंबवणं, जावयाच्या ताटाखालचा पाट. ती सारखी माळवदाकडं बघते म्हणून आजी विचारते, "काय गं, गळतंय का कुठं?" विसर्जनाच्या रात्री ती आजीची बाज एकटीनं ओढत अंगणात आणते. आजी तिला बरं वाटावं म्हणून थोडा वेळ तिथं पडते. मग उठून बसते. "आत चल गं माय, दव पडलालंय. पोरगी एकटी हाय." कथा या वाक्यावर थांबते.

शेवटची दीड पान नावं ताईंनी ठेवली. फक्त आता ती कथेच्या सुरुवातीला आहेत.

संग्रहातली ही एकमेव कथा, जी माडीवर वाचल्यावर कुणी त्यावर काही सुचवलं नाही. तिसरा नियम टिकला, आधीच्या तीन कथा टिकल्या, वकीलसाहेबांना काही पुन्हा लिहावं लागलं नाही. पण हे सगळं नशिबानं झालं असं मला वाटतं. श्रीमुख संवत्सरात अधिक महिना नसता तर? गुरुजींना पंचांग तोंडपाठ नसतं तर? ताई गट सोडून गेल्या असत्या, आणि आम्ही "नियमात बसत नव्हतं" असं म्हणून मोकळे झालो असतो.

पुन्हा बसलो तर

तिसरा नियम चूक होता असं मी अजूनही म्हणणार नाही. तो ठरवण्याची रीत चुकली. आम्ही भौतिकशास्त्र विचारलं, कोर्टाची सोय विचारली. या भागातल्या माणसाला मागं जाता आलं तर तो सगळ्यात आधी कुठं जाईल, हे कुणी कुणाला विचारलंच नाही. ते पहिल्या दिवशी विचारलं असतं तर नियम कदाचित तोच राहिला असता, पण त्याची किंमत काय ते माहीत असताना लिहिला गेला असता. आणि नंतर आलेल्या माणसाला जुने नियम पुन्हा खुले करून दाखवायला हवे होते. ताईंना मी तिसऱ्या महिन्यात वहीची झेरॉक्स दिली होती, आणि काम झालं असं समजले होते.

सातव्या बैठकीचं तर मला आजही लाजिरवाणं वाटतं. अशा वाचनानंतर बैठक थांबवायची असते. नियमाचं बोलणं दुसऱ्या दिवशीही करता येतं.

तंत्राबद्दलही एक गोष्ट हाती लागली. कल्पित यंत्राचे नियम जितके मातीतले, तितके ते अडचणीच्या वेळी उपयोगी पडतात. आमचं यंत्र नुसती तारीख टाकून बटण दाबायचं असतं, तर ताईंच्या कथेला एकच प्रश्न उरला असता, गाव वाचलं की नाही. तिथी होती म्हणून धोंड्याचा महिना निघाला, आणि त्या महिन्यात आजी सापडली.

दुसऱ्या संग्रहाची तयारी आता सुरू झाली आहे. या वेळी कुठलाही नियम लिहिण्याआधी वही सगळ्यांपुढं फिरवली, आणि प्रत्येकानं आपल्याला उतरायची पायरी लिहिली. पैठणच्या काकांनी पेन्सिल हातात धरून बराच वेळ घेतला. त्यांचं गाव नाथसागरात, म्हणजे जायकवाडी धरणाच्या पाण्यात, गेलं. १९६५ मध्ये जायकवाडीची पायाभरणी झाली तेव्हा ते पोरसवदा होते; १९७६ मध्ये धरणाचं उद्घाटन झालं तोवर गाव उठलं होतं, आणि पुढं त्यांनी नोकरी केली ती पाटबंधाऱ्याचीच. ही गोष्ट त्यांनी आम्हाला दोन वर्षांत कधी सांगितली नव्हती. पाण्याखालची पायरी बंद, हा नियम त्यांनीच दिलेला.

"बैलगाड्या निघाल्या तो दिवस," ते म्हणाले. "साल पंचाहत्तर का चौऱ्याहत्तर, ते आठवत नाही. तारीख तर नाहीच. एवढं आठवतंय की दुसऱ्या दिवशी पोळा होता, आणि बैल सजवले नव्हते."

गुरुजींनी चष्मा पुसला. "म्हणजे श्रावण वद्य चतुर्दशी," ते म्हणाले, आणि दोन्ही सालांची पंचांगं काढायला कपाटाकडं गेले.